रीळ कोणाचं, आठवण कोणाची?

ब्रिटनच्या गृहखात्याने २०१० मध्ये काही जुनी खोकी निकालात काढली. पन्नास-साठच्या दशकांत कॅरिबियन बेटांवरून बोटीने आलेल्या माणसांच्या उतरण्याच्या चिठ्ठ्या त्यांत होत्या. माणसाचं नाव, बोटीचं नाव, तारीख. आठ वर्षांनी, २०१८ मध्ये, त्या चिठ्ठ्यांची किंमत साऱ्या देशाला कळली. लहानपणी आईबापांच्या मागोमाग आलेली, तिथेच शिकलेली, चाळीस-पन्नास वर्षं कर भरलेली माणसं सरकारी खिडक्यांपुढे उभी होती आणि त्यांना विचारलं जात होतं, १९७३ च्या आधीपासून तुम्ही इथे आहात याचा कागद कुठे आहे? कागद सरकारनेच नष्ट केला होता. लोकांच्या नोकऱ्या गेल्या, घरं गेली, इस्पितळात उपचार नाकारले गेले. निदान ८३ जणांना देशाबाहेर काढलं गेलं होतं. १९४८ च्या जूनमध्ये टिलबरी बंदरात लागलेल्या 'एम्पायर विंडरश' या बोटीवरून या सगळ्याला विंडरश प्रकरण म्हणतात.

याच देशाचं आणखी एक कपाट २०११ मध्ये उघडलं. केनियात ब्रिटिश सत्तेविरुद्ध झालेल्या माऊ माऊ लढ्यात ज्यांना छळछावण्यांत डांबलं गेलं ते म्हातारे लंडनच्या न्यायालयात गेले, आणि तेव्हा सरकारला कबूल करावं लागलं की सदतीस जुन्या वसाहतींमधली हजारो दप्तरं हॅन्स्लोप पार्क नावाच्या बंदिस्त जागेत दडवून ठेवली आहेत. सोबत हेही समोर आलं की वसाहती सोडताना नको असलेले कागद पद्धतशीरपणे जाळले गेले होते.

तिसरं कपाट चित्रफितींचं. त्यात हीच माणसं हलतात, चालतात, बोटीच्या शिडीवरून उतरतात, बर्फात कामाला जातात, पोलिसांपुढून पळतात. ते कोणी जाळलं नाही. ते कुलपात राहिलं, सेकंदाच्या भावाने विकलं गेलं, आणि त्यातल्या माणसांना ते कधी दाखवावं असं कुणाला वाटलं नाही. जॉन अकोम्फ्रा हा चित्रपटकार गेली चाळीस वर्षं हे तिसरं कपाट उघडतो आहे. त्यांच्या कामाबद्दल लिहिताना बहुतेक जण 'स्मृती' आणि 'अस्मिता' हे शब्द वापरून थांबतात. मला ते अपुरं वाटतं. त्यांचं काम एक रोखठोक सार्वजनिक प्रश्न विचारतं: एखाद्या समाजाचं चित्र दुसऱ्याने काढलं, दुसऱ्याने ठेवलं, दुसऱ्याने त्याला नाव दिलं, तर त्या चित्रावर चित्रातल्या माणसाचा हक्क काय? माझं उत्तर असं की त्याचा हक्क पहिला आहे, आणि तो कायद्याने आणि पैशाने पाळला गेला पाहिजे.

अकोम्फ्रांचा जन्म १९५७ सालचा, अक्राचा. घाना स्वतंत्र झाला तेच हे वर्ष. आईवडील दोघेही वसाहतविरोधी चळवळीतले, स्वतंत्र घानाचे पहिले नेते क्वामे न्क्रुमा यांच्या पक्षातले. १९६६ मध्ये लष्कराने न्क्रुमांची सत्ता उलथली, आईच्या जिवाला धोका निर्माण झाला आणि कुटुंबाला देश सोडावा लागला. ज्या ब्रिटनविरुद्ध आईवडील लढले त्याच ब्रिटनमध्ये मुलगा वाढला. पुढे १९८८ मध्ये त्यांनी 'टेस्टामेंट' हा चित्रपट केला. त्यातली नायिका दूरचित्रवाणीची पत्रकार आहे. ती बऱ्याच वर्षांनी घानात परतते आणि जुने सोबती तिच्याशी धड बोलायलाही तयार नसतात. हरलेल्या चळवळीच्या माणसांना आठवण म्हणजे काय असते, हे मी इतक्या शांतपणे सांगितलेलं क्वचित पाहिलं आहे. तिथे आठवणींचा उमाळा येत नाही. तिथे लोक आठवणींना चुकवून रस्त्याच्या पलीकडून जातात.

पण सुरुवात त्याआधीची. १९८२ मध्ये पोर्ट्समथच्या पॉलिटेक्निकमधल्या काही विद्यार्थ्यांनी 'ब्लॅक ऑडिओ फिल्म कलेक्टिव्ह' काढलं. लीना गोपॉल, एव्हरिल जॉन्सन, रीस ऑगस्ट, एडवर्ड जॉर्ज, ट्रेव्हर मॅथिसन आणि अकोम्फ्रा ही त्यातली मंडळी. नंतर ती लंडनच्या हॅकनीत आली आणि १९९८ पर्यंत एकत्र राहिली. एक दिग्दर्शक आणि त्याच्या हाताखालची माणसं, असला हा प्रकार नव्हता. ध्वनी सांभाळणाऱ्या मॅथिसनचं काम बाजूला काढलं तर निम्मी फिल्म निघून जाईल.

१९८५ चा सप्टेंबर. बर्मिंगहॅमच्या हँड्सवर्थ भागात दंगल उसळली. तिथल्या पोस्ट ऑफिसात दोन आशियाई भाऊ आगीत मेले. त्याच महिन्याच्या शेवटी लंडनच्या ब्रिक्स्टनमध्ये पोलीस चेरी ग्रोस या बाईंच्या घरात त्यांच्या मुलाला शोधत शिरले आणि त्यांनी बाईंनाच गोळी घातली. त्यांचं कमरेखालचं शरीर कायमचं लुळं पडलं. आठवड्याभरात टॉटनहॅममध्ये पोलिसांची झडती चालू असताना सिंथिया जॅरेट कोसळल्या आणि गेल्या. मग तिथेही दंगल झाली आणि एक पोलीस शिपाई मारला गेला. वर्तमानपत्रांनी आणि दूरचित्रवाणीने एकच चित्र पुन्हा पुन्हा दाखवलं: जळती गाडी आणि दगड हातात घेतलेला काळा पोरगा.

कलेक्टिव्हने १९८६ मध्ये 'हँड्सवर्थ साँग्ज' ही तासाभराची फिल्म केली. तिच्यात दंगलीची दृश्यं आहेत, पण त्यांच्या शेजारी चाळीस आणि पन्नासच्या दशकांतल्या बातमीपटांचे तुकडे येतात. टोप्या घालून, इस्त्रीचे कपडे घालून बोटीतून उतरणारी माणसं. नाचघरातली जोडपी. कारखान्यातले कामगार. मूळ बातमीपटातला निवेदकाचा ठाम, आनंदी आवाज मॅथिसन हळूहळू विरघळवतात, त्याच्याखाली एक खोल घुमणारा सूर सोडतात. आवाज बदलला की चेहरे बदलतात. त्या टोपीवाल्या माणसाच्या डोळ्यांतली धास्ती तीस-पस्तीस वर्षं तिथेच होती. निवेदकाने ती आपल्याला पाहू दिली नव्हती.

फिल्ममध्ये एक पत्रकार एका बाईच्या मागे लागतो, दंगलीची गोष्ट सांगा म्हणून. ती उत्तर देते की दंगलीत गोष्टी नसतात, असतात ती फक्त दुसऱ्या गोष्टींची भुतं. हे वाक्य पुढे फार प्रसिद्ध झालं. मला त्यातलं काव्य नंतर दिसलं. आधी दिसला तो नकार. तुझ्या आजच्या बातमीसाठी मी माझं आयुष्य तीस सेकंदांत बसवून देणार नाही, असं ती बाई सांगते आहे.

याच ठिकाणी मोठा वाद झाला. जानेवारी १९८७ मध्ये सलमान रश्दींनी 'गार्डियन'मध्ये फिल्मवर कडक टीका केली. त्यांचं म्हणणं असं की हँड्सवर्थमध्ये हजार गोष्टी आहेत, माणसं बोलायला तयार आहेत, आणि ही फिल्म मात्र ठराविक भाषेत अडकून त्या गोष्टी ऐकूच देत नाही. जमैकातून ब्रिटनमध्ये आलेले समाजविचारक स्टुअर्ट हॉल यांनी त्याला उत्तर दिलं. जुनी भाषा अपुरी पडते म्हणूनच ही पोरं नवी भाषा शोधताहेत, तो शोध तुम्हाला दिसत कसा नाही, असा त्यांचा रोख होता.

रश्दींचा मुद्दा मी उडवून लावणार नाही. ज्यांचं कुणी ऐकलंच नाही त्यांना सरळ बोलू द्या, ही मागणी माणुसकीची आहे. आपल्याकडेही ती वारंवार होते. पण तिच्या पोटात एक अन्याय आहे, आणि तो मला जास्त टोचतो. युरोपातल्या एखाद्या दिग्दर्शकाने काळ उलटापालटा केला, प्रतिमा सुट्ट्या सोडल्या, तर त्याला प्रतिभा म्हणतात. काळ्या पोरांनी तेच केलं की विचारतात, तुमच्या लोकांना हे कळणार आहे का? म्हणजे तुम्ही साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभे राहा, विचारलं तेवढं सांगा. विचार आम्ही करू. ज्यांच्या इतिहासाचे तुकडेच झाले आहेत, कागद जाळले गेलेत, चित्रं परक्यांनी काढली आहेत, त्यांनी सलग, सुबक गोष्ट सांगावी ही अपेक्षाच खोटी आहे. तुकड्यांची गोष्ट तुकड्यांतच सांगावी लागते. मधली मोकळी जागा लपवली तर ज्याने कागद जाळले त्याच्या सोयीचंच होतं.

आणि ही फिल्म दूरच्या कुठल्या कलादालनात लागली नव्हती. ती चॅनल फोर या ब्रिटनच्या सार्वजनिक दूरचित्रवाणी वाहिनीसाठी बनली होती. ही गोष्ट माझ्या युक्तिवादाच्या मध्यभागी आहे. १९८२ मध्ये ब्रिटनमध्ये चित्रपट कामगारांची संघटना, ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूट आणि चॅनल फोर यांच्यात एक करार झाला. नफ्यासाठी काम न करणाऱ्या छोट्या फिल्मगटांना नियमित पैसा, साधनं आणि मुख्य म्हणजे वेळ मिळू लागला. त्यातून हा गट उभा राहिला, त्याच काळात संकोफा आणि सेडो हे गट उभे राहिले. प्रतिभा त्या पोरांची होती, पण खोली, यंत्र आणि सहा-सहा महिने जुन्या रिळांसमोर बसण्याची सवड सार्वजनिक पैशातून आली. हे विसरून आपण कलावंताच्या एकट्या जिद्दीचे गोडवे गातो, तेव्हा त्या करारासारखे करार पुन्हा व्हावेत ही मागणी आपणच मागे टाकतो.

तेच २०१० च्या सुमारास दिसलं. बीबीसीने एका प्रकल्पात कलावंतांना आपल्या संग्रहात शिरू दिलं. अकोम्फ्रांनी तिथून इंग्लंडच्या मिडलँड्समधल्या स्थलांतरितांची दृश्यं उचलली आणि त्यातून आधी 'नेमोसिनी' आणि मग 'द नाइन म्यूझेस' ही फिल्म झाली. तिच्यात पन्नास-साठच्या दशकांतला बर्फ आहे, धुरकट गल्ल्या आहेत, बसवाहक आणि परिचारिका आहेत. त्यांच्यामध्ये अलास्काच्या पांढऱ्या शुभ्र एकांतात रंगीत जाकीट घातलेली एक आकृती पाठमोरी उभी आहे. वर होमर आणि मिल्टनच्या ओळी ऐकू येतात. एखाद्या जमैकन फौंड्री कामगाराला होमरच्या ओडिसिअसच्या शेजारी उभं करण्यात मला कसलाही आव दिसत नाही. समुद्र ओलांडून परक्या किनाऱ्याला लागलेला माणूस म्हणजे दोघेही. एकावर महाकाव्य झालं, दुसऱ्यावर अर्ध्या मिनिटाची बातमी.

तो संग्रह उघडला नसता तर ही फिल्म नव्हती. आणि तो एका प्रकल्पापुरता उघडला. त्या रिळांत दिसणाऱ्या परिचारिकेच्या नातीला ते दृश्य पाहायचं असेल तर तिच्यासाठी दार कोणतं?

इथे एक आक्षेप येतो आणि तो गंभीर आहे. जुन्या दृश्यांचा मूळ आवाज काढायचा, त्यांवर दुसरं संगीत घालायचं, ती दुसऱ्या काळाला जोडायची, हा पुराव्याशी खेळ नव्हे का? आज तर यंत्राकडून हवं ते खोटं दृश्य बनवून घेता येतं. मूळ रीळ जसंच्या तसं जपलं पाहिजे आणि कोणी काय बदललं ते स्पष्ट दिसलं पाहिजे, यात दुमत नसावं. पण मूळ बातमीपट म्हणजे निव्वळ सत्य आणि नंतरची फिल्म म्हणजे छेडछाड, ही विभागणी टिकत नाही. बातमीपटही कापलेलाच होता. कॅमेरा कुठे ठेवायचा, कोणाचा चेहरा जवळून घ्यायचा, कोणाला नाव द्यायचं आणि कोणाला नुसतं 'जमाव' म्हणायचं, हे आधीच ठरलं होतं. रंगीत फिल्मचं रसायनही तटस्थ नव्हतं. छायाचित्रांचे रंग जुळवण्यासाठी कोडॅककडून प्रयोगशाळांना 'शर्ली कार्ड' पाठवली जात. त्यावर गोऱ्या बाईचं चित्र असे आणि तिची कातडी नीट दिसली की रंग बरोबर. काळे चेहरे सावलीत बुडाले तर ते चूक मानलं जात नव्हतं.

स्टुअर्ट हॉल यांच्याबद्दलचं अकोम्फ्रांचं काम मला सर्वांत जवळचं आहे. २०१२ मध्ये तीन पडद्यांवरचं 'द अनफिनिश्ड कॉन्व्हर्सेशन' आलं, २०१३ मध्ये 'द स्टुअर्ट हॉल प्रोजेक्ट'. हॉल १९३२ मध्ये किंग्स्टनला जन्मले आणि १९५१ मध्ये ऑक्सफर्डला शिकायला आले. दूरचित्रवाणीवर आणि रेडिओवर ते आयुष्यभर बोलत राहिले होते. अकोम्फ्रांनी ते सगळं बोलणं गोळा केलं आणि माइल्स डेव्हिसच्या संगीतावर एक आयुष्य विणलं. हॉल म्हणत की ओळख ही कधीच न संपणारं संभाषण आहे. हे वाक्य सुटं वाचलं तर गुळगुळीत वाटतं. पण त्यांच्या घरातली एक आठवण त्याखाली आहे. घरात ते सर्वांत काळे. ते जन्मले तेव्हा बहिणीने पाळण्यात पाहून विचारलं होतं, हे कुली पोर कुठून आणलं? जमैकात गरीब भारतीय मजुराला कुली म्हणत. गुलामी कायद्याने संपल्यावर मळ्यांवर करारबंद करून नेलेली ती आपली माणसं. एका मिश्रवंशी घरात, काळ्या मुलाला हिणवायला भारतीय मजुराचं नाव वापरलं गेलं. वंश, वर्ण आणि वर्ग एकमेकांत कसे गुंततात, हे कळायला मला याहून वेगळा धडा लागला नाही. ऐंशीच्या दशकातल्या ब्रिटनमध्ये चळवळीतली माणसं 'ब्लॅक' या शब्दात आफ्रिकी, कॅरिबियन आणि आशियाई अशा सगळ्यांना मोजत. 'हँड्सवर्थ साँग्ज'मध्येही आशियाई कामगार आहेतच.

म्हणून मराठी वाचकाला हा विषय परका वाटू नये. जोतीराव फुल्यांनी १८७३ मध्ये 'गुलामगिरी' अमेरिकेतल्या गुलामीमुक्तीच्या कार्यकर्त्यांना अर्पण केली. १९७२ मध्ये मुंबईत दलित पँथर उभी राहिली ती अमेरिकेतल्या ब्लॅक पँथरचं नाव घेऊन. त्याहीआधी, इथिओपियात जन्मलेला आणि गुलाम म्हणून विकला गेलेला मलिक अंबर निजामशाहीचा कारभारी झाला, त्याने खडकी (आजचं छत्रपती संभाजीनगर) वसवली, आणि १६२४ मध्ये भातवडीला शहाजीराजे त्याच्या बाजूने लढले. आफ्रिकेतून विखुरलेल्या माणसांचा इतिहास दख्खनच्या इतिहासाच्या आतच आहे. तरीही सिद्दी म्हटलं की आपल्याला जंजिऱ्याचा तट आठवतो, वैरी आठवतो, आणि तिथेच आठवण संपते. उत्तर कन्नडच्या जंगलपट्टीत कोकणी आणि मराठी बोलणारे सिद्दी आहेत. त्यांच्यातल्या अनेकांचे पूर्वज पोर्तुगीजांनी गोव्यात गुलाम म्हणून आणलेले. त्यांची चित्रं आपल्याकडे आहेत ती बहुधा नाच दाखवणारी. पाहुण्याने काढलेली, पाहुण्यासाठी.

कॅमेरा आपल्या माणसाच्या हातात असला की काय होतं, याचं मराठी उदाहरण मला नेहमी आठवतं. ७ डिसेंबर १९५६ ला बाबासाहेबांची अंत्ययात्रा निघाली तेव्हा नामदेव व्हटकर यांनी पदरचे पैसे घालून ती चित्रित केली. एवढ्या मोठ्या देशात त्या दिवसाचं हलतं चित्र राहावं म्हणून एका माणसाला स्वतःचा खिसा रिकामा करावा लागला. ते रीळ नसतं तर तो जनसागर आपल्याला फक्त शब्दांत कळला असता.

आपले सार्वजनिक चित्रसंग्रह ज्यांच्या करावर चालतात त्यांच्यापासून फार लांब आहेत. पुण्यात १९६४ पासून राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे. २००३ च्या जानेवारीत लागलेल्या आगीत तिथल्या जुन्या नायट्रेट रिळांचा मोठा ठेवा गेला. फिल्म्स डिव्हिजनने दशकानुदशकं धरणं, दुष्काळ, गिरण्या, आदिवासी पाडे चित्रित केले, ते सारं सरकारी पैशातून. त्या दृश्यांतल्या पाड्यावर ते रीळ परत जाऊन दाखवलं गेलं पाहिजे. तिथल्या म्हाताऱ्या माणसांनी चेहरे ओळखले पाहिजेत, नावं सांगितली पाहिजेत, आणि नोंदवहीत 'आदिवासी स्त्री, पाणी भरताना' याच्या जागी त्या बाईचं नाव लिहिलं गेलं पाहिजे. तिच्या नातवाला ते दृश्य वापरून स्वतःची फिल्म करायची असेल तर त्याच्याकडून सेकंदाचा दर मागू नये. त्याला एक खोली, एक संकलन यंत्र आणि वर्षभराचं मानधन द्यावं, आणि फिल्म सोपी होईल ना, असं आधी विचारू नये. याला खर्च येईल. यंत्रं, माणसं, प्रवास, सगळ्याला येईल. ज्या खर्चाने ती रिळं भरली गेली त्यापुढे हा खर्च मला मोठा वाटत नाही.

अकोम्फ्रांच्या नंतरच्या वाटचालीबद्दल मात्र माझ्या मनात एक रुखरुख आहे. २०१५ मध्ये व्हेनिसला दाखवलेलं 'व्हर्टिगो सी' हे तीन पडद्यांवरचं काम समुद्र, गुलामांची जहाजं आणि व्हेलची शिकार यांना एकत्र आणतं. ते भव्य आहे. २०२३ मध्ये त्यांना सर हा किताब मिळाला आणि २०२४ मध्ये व्हेनिसच्या बिएनाले या कलाप्रदर्शनात ब्रिटनचं दालन त्यांनी सजवलं. ज्या देशाने चिठ्ठ्या नष्ट केल्या त्याच देशाच्या दालनात त्यांनी स्थलांतरितांच्या आठवणी मांडल्या, याचं मोल मी कमी करत नाही. पण दूरचित्रवाणीवर लागलेली फिल्म हँड्सवर्थच्या दिवाणखान्यात पोचू शकत होती. तीन पडद्यांचं दालन तिथे पोचत नाही. दोष मी कलावंताला देत नाही. वाहिन्यांनी दारं लावून घेतली, तेव्हा कलादालनांनी ती उघडली, आणि काम करायचं तर माणूस उघड्या दारातून जाणारच. नुकसान मात्र प्रेक्षकाचं झालं. सार्वजनिक वाहिनीने हातातली जागा सोडली की तिची भरपाई कुठलंही संग्रहालय करू शकत नाही, असं मला वाटतं.

४ ऑगस्ट २०११ ला टॉटनहॅममध्ये पोलिसांनी मार्क डगन या तरुणाला गोळी घातली. पुन्हा दंगली पेटल्या, पुन्हा पडद्यावर जळती दुकानं आली. त्याच महिन्यात लंडनच्या टेट मॉडर्न या कलासंग्रहालयात पंचवीस वर्षांपूर्वीची 'हँड्सवर्थ साँग्ज' दाखवली गेली आणि त्यानंतर लोक चर्चेला बसले. सिंथिया जॅरेट गेल्या तेही टॉटनहॅमच. बाहेर पत्रकार पुन्हा गोष्ट मागत हिंडत होते, आणि आत अंधारात ती बाई पुन्हा तेच उत्तर देत होती.